उसातलं लाल घर : घोडेगावच्या पुढे दोन दिवस

नाताळ होऊन आठवडा झाला असेल. नगरला एका नातेवाइकाचं लग्न होतं. (पाट्यांवर अहिल्यानगर झालंय, आमच्या तोंडातून अजून नगरच निघतं.) जेवताना पप्पांच्या शेजारी त्यांच्या जन्मगावचे एक गृहस्थ येऊन बसले. कोण गेलं, कोण राहिलं, कोणाची मुलं कुठं असतात, असं सगळं बोलून झाल्यावर ते सहज म्हणाले, "मास्तर, तुमचं लाल घर पाडत्यात म्हनं. तुमाला कळलंच असंल."

कळलं नव्हतं. पप्पांनी हातातली जिलबी परत ताटात ठेवली आणि पाणी प्यायले. पुण्याला परतताना शिरूर आलं. तेव्हा पप्पा खिडकीबाहेर बघत म्हणाले, "रूथ, येत्या शनिवारी तुला सुट्टी आहे का?"

माझे वडील, शांतवन मास्तर, आता ऐंशीला टेकलेत. सगळी नोकरी गणित शिकवण्यात गेली. त्यांचा जन्म ज्या घरात झाला ते घर त्यांच्या आजोबांनी, भागोजींनी, बांधलेलं. एकोणिसावं शतक संपत आलं होतं तेव्हाचं. गावापासून लांब, शेतात, भाजक्या विटांचं. पप्पा कॉलेजात असताना ते विकलं गेलं, कारण माझ्या आजोबांची नोकरी नगरच्या एका बोर्डिंगात आणि शेत करायला मागे कुणीच नव्हतं. त्यानंतर पप्पा तिकडे फिरकले नाहीत. "विकलेल्या घरासमोर जाऊन उभं राहू नये," असं त्यांचं म्हणणं. त्यामुळे मीही ते कधी पाहिलं नव्हतं.

या ब्लॉगवर तुम्ही माझ्याबरोबर किल्ले चढलात, घाट उतरलात, वेरूळला उन्हात भाजलात. या वेळी मी जिथं गेले तिथं तिकीट नाही आणि गूगलवर फोटोही नाही. लोक राहतात तिथं. म्हणून गावाचं नाव लिहीत नाही. तो सगळा पट्टा मात्र सांगते, कारण जानेवारीत तिकडे जरूर जावं.

शनिवार

पुण्याहून उजाडायच्या आत निघालो तर नगर नाश्त्याच्या वेळेला गाठता येतं. शिरूरपर्यंत कंपन्यांची वाहतूक असते, पुढे रस्ता मोकळा होतो. नगर मागे टाकून संभाजीनगरच्या रस्त्याला लागलो. इमामपूरचा घाट छोटासाच आहे, पण उसाच्या ट्रॅक्टरमागे अडकलात तर मोठा वाटतो. एका ट्रॅक्टरला दोन-दोन ट्रॉल्या, त्यावर आभाळाएवढा ऊस. ओव्हरटेक करायची घाई करू नका. मागची ट्रॉली कधी डोलेल याचा नेम नसतो.

पांढरीपुलाला भेळ खायची, हा नियम. पप्पांना डॉक्टरांनी तिखट बंद केलंय, म्हणून त्यांनी भेळवाल्याला "कमी तिखट" सांगितलं आणि मी गाडीतून पाण्याची बाटली आणायला गेले तेवढ्यात दोन हिरव्या मिरच्या वरून मागून घेतल्या. मी बघितलं. त्यांनी मी बघितलं हे बघितलं. मग दोघंही भेळ खायला लागलो.

खरं बोलणं सुरू झालं ते पुन्हा गाडीत बसल्यावर.

"तुला माहितीये, त्या घराला गावात काय म्हणायचे?"

"लाल घर."

"ते तोंडावर. पाठीमागे म्हणायचे, चोरीच्या विटांचं घर."

हे मी पहिल्यांदाच ऐकत होते. पप्पांनी मग सगळं सांगितलं. भागोजी तरुणपणी रेल्वेच्या कामावर होते. तेव्हा दौंड-मनमाड मार्गावरच्या मोऱ्या आणि पुलांसाठी विटा भाजायच्या भट्ट्या लागत, तिथं ते वीट पाडायला आणि भट्टी लावायला शिकले. त्याच सुमाराला घरातले लोक ख्रिस्ती झाले. आमचं घराणं गावकुसाबाहेरचं. अशा माणसानं पाटलाच्या घरालाही नसलेल्या भाजक्या विटा आपल्या घराला लावायच्या, हे गावाच्या पचनी पडणारं नव्हतं. घर उभं राहिलं आणि लगेच बोललं गेलं, की रेल्वेच्या भट्टीवरनं चोरून आणल्या विटा.

"आजोबा म्हणायचे, मी पाडल्यात, मी भाजल्यात. पण माती कुठली, असं विचारलं की म्हणायचे, नदीची. आता आमच्या नदीला नुसती वाळू. तिची वीट होत नाही, हे शेंबड्या पोरालाही माहीत. म्हणजे खोटं बोलतायत हे उघडच." पप्पांनी खिडकीची काच खाली केली. "मी शाळेत यावरून मारामाऱ्या केल्यात. आणि घरी येऊन मनात म्हणायचो, खरंच चोरल्या असतील का?"

इतक्या वर्षांत त्यांनी हे कधी बोलून दाखवलं नव्हतं. मी गाडी चालवत राहिले.

घोडेगावला जनावरांचा बाजार भरला होता. म्हशी, खिलारी बैल, शेळ्या, त्यांना घेऊन आलेले टेम्पो आणि या सगळ्यांतून वाट काढणारे आम्ही. तासभर हाताशी असेल तर उतराच. विकत काही घ्यायचं नसलं तरी टॉवेलाखाली हात धरून बोटांनी चाललेला सौदा बघण्यासारखा असतो. घोडेगावला बहुतेक गाड्या शिंगणापूरकडे डावीकडे वळतात. आम्ही उजवीकडे वळलो. डांबर संपलं, खडी लागली, मग खडीही संपली. मोबाईलचा नकाशा एका विहिरीपाशी येऊन थांबला. पुढचा रस्ता पप्पांनी सांगितला. कॉलेजात असताना सोडलेल्या वाटेवर ते "आता डावीकडे, ओढा लागेल" म्हणत होते आणि ओढा लागत होता.

दोन्ही बाजूंना डोक्यावरून जाणारा ऊस. एके ठिकाणी तोडणी झालेलं रान मोकळं पडलेलं, आणि त्या मोकळ्या रानापलीकडे ते उभं होतं.

लाल म्हणतात, पण नुसतं लाल नव्हे. काही विटा डाळिंबी, काही पिवळट, काही भाजून काळपट पडलेल्या. पुढे लाकडी खांबांची ओसरी, वर कौलं, दारावर विटांचीच कमान. फार मोठं नाही. पुण्यातला दोन बेडरूमचा फ्लॅट त्याहून मोठा असेल. पण चारही बाजूंना सपाट शेत आणि मध्ये हे एकटं घर, त्यामुळे नजर तिथंच जाते. पप्पा गाडीतून उतरले आणि दार धरून तसेच उभे राहिले.

ओसरीवरून एक उंच, वाकलेले गृहस्थ चप्पल न घालताच धावत आले. लग्नात भेटलेल्या गृहस्थांनी आम्ही येणार हे त्यांना आधीच कळवलं होतं.

"मास्तर! अहो मास्तर, मी रावसाहेब. वळखलं का?"

"रावसाहेब? तुझं नाक कायम वाहायचं तो?"

"त्योच की!" सत्तरीकडे झुकलेला तो माणूस खळखळून हसला आणि वाकून पप्पांच्या पाया पडला. पप्पांनी त्यांना धरून उभं केलं, मग सोडायचं विसरूनच गेले.

रावसाहेबकाकांच्या आजोबांनी, तुकारामबाबांनी, आमच्याकडून हे घर घेतलं होतं. आता तिथं रावसाहेबकाका, त्यांच्या पत्नी मंगलकाकू आणि मुलगा अमोल राहतात. अमोल त्या दिवशी ऊस घालायला कारखान्यावर गेला होता. त्याचं लग्न ठरलंय, उन्हाळ्यात आहे.

जेवायला हुलग्याच्या पिठाचे रश्शातले शेंगोळे, बाजरीची भाकरी, कांदा आणि ठेचा. नगरकडे आलात आणि शेंगोळे न खाता गेलात तर येणं फुकट. थंडीत वाफाळत्या वाटीत भाकरी कुस्करायची आणि कुणाशी बोलायचं नाही. पप्पांनी ठेच्याकडे हात नेला तेव्हा मी माझ्या वाटीकडे बघत राहिले.

जेवणानंतर मंगलकाकूंनी मला घर दाखवलं. भिंती एवढ्या जाड की कोनाड्यात माझा हात कोपरापर्यंत आत गेला. पुढची खोली, मधली खोली, आणि मागे स्वयंपाकघर. पुढच्या दोन खोल्या गार, उंच, छान. मी फोटो काढत "किती सुंदर आहे हो" म्हणत होते. स्वयंपाकघरात आलो आणि मला काही दिसेना. एक हातभर खिडकी, तीही वरती. भिंती धुरानं काळ्या झालेल्या. गॅस आहे, पण पाणी तापवायला आणि भाकरीला चूल लागतेच.

"काढा इथला बी फोटो," काकू म्हणाल्या. आवाजात राग नव्हता, पण हसूही नव्हतं. "बघाया येत्यात त्यांना घर लई गोड वाटतं, ताई. ऱ्हायचं आमाला हाय. नवी नवरी म्हनून आले तवापासून हितं धूर खाती. एकदा वरनं कौलातनं साप पडला, परातीत. कनकीत! आता सून यायची. तिलाबी ह्याच अंधारात बसवू का?"

मी मोबाईल खिशात ठेवला.

ओसरीवर आलो तेव्हा रावसाहेबकाका पप्पांना तेच सांगत होते. सोयरे चांगले आहेत, पण त्यांना स्लॅबचं घर पाहिजे. मंगल तर किती वर्षांपासून मागे लागलीय. गवंडी ठरलाय. मग एकदम म्हणाले, "मास्तर, तुमी आला ते बरं झालं. आता तुमीच सांगा. पाडू का ठिवू?"

मला काकांच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं, की त्यांना "ठेवा" ऐकायचंय. मास्तर म्हणाले म्हणून ठेवलं, असं बायकोला आणि मुलाला सांगता आलं असतं. मलाही तेच ऐकायचं होतं.

पप्पा उठले, आत गेले. स्वयंपाकघराच्या दारात बराच वेळ उभे राहिले. परत आले तेव्हा त्यांचे डोळे लाल होते.

"माझी आई इथंच बसायची," ते म्हणाले. "कायम डोळे पुसायची. आम्ही विचारलं की म्हणायची, कांदा चिरला. रोज कुठं एवढा कांदा असतो?" मग काकूंकडे वळून म्हणाले, "मंगलबाई, घर माणसाला राहायला असतं. पाडा. माझी काही हरकत नाही, आणि हरकत घ्यायचा मला हक्कही नाही."

काकूंनी पदर तोंडाला लावला. इतक्या सरळ उत्तराची त्यांना अपेक्षा नसावी. रावसाहेबकाकांनी मात्र चपला पायात सरकवल्या. म्हणाले, "मास्तर, चालवंल का तुमाला जरा? हिरीपातुर जाऊ."

विहीर घरापासून लांब नाही. दगडी, जुनी, अजून पाणी देणारी. तिच्या पलीकडे तोडणी झालेलं रान खोलगट होत गेलं होतं, परातीसारखं. आजूबाजूचं शेत सपाट आणि तेवढाच तुकडा खाली गेलेला.

"हे वळखलं?"

"आमचा खड्डा," पप्पा म्हणाले. "पावसाळ्यात पाणी साचायचं. आम्ही डुंबायचो यात."

"खड्डा कशानं पडला, ठावं हाय?"

पप्पांनी नकारार्थी मान हलवली.

रावसाहेबकाका विहिरीच्या कठड्यावर बसले आणि सांगू लागले. त्यांना जे माहीत होतं ते तुकारामबाबांकडून, त्यांच्या आजोबांकडून आलेलं. ही जमीन तेव्हा तुकारामबाबांच्या वडिलांची, गणपतची. मराठ्यांचं मोठं घर, मोठी भाऊबंदकी. पण गणपतला विहीर नव्हती. पैसा नव्हता आणि भाऊबंद मदत करत नव्हते. भागोजीला घर बांधायचं होतं, पण त्याच्या माळाला नुसता मुरूम. विटेजोगी चिकण माती होती ती गणपतच्या या रानात. दोघांचं ठरलं. भागोजीनं आणि त्याच्या भावांनी गणपतला विहीर खांदून द्यायची, आणि बदल्यात इथली माती घ्यायची.

"पर भाऊबंदांना कळलं असतं तर गनपतला जातीतनं बाहीर टाकलं असतं. ह्या लोकांना शेतात घेतलं, वर माती दिली, भाजक्या इटांच्या घराला! म्हनून भागोजीबाबानं सबूद दिला, की माती कुठली ते मी कुनाला सांगनार न्हाई. हिरीच्या कामाला मजूर लावल्यात, असं गनपतनं भाऊबंदांना सांगितलं. मातीच्या गाड्या भल्या पहाटं जायच्या."

"मग चोरीचं?"

"घर उठलं आन् गाव बोलाया लागलं. रेल्वेचा सायबबी आला म्हनत्यात, इटा मोजून-मापून गेला. ह्या आपल्या साच्यातल्या न्हाईत म्हनला. तरी गाव कुठं गप बसतंय? इचारलं, मग माती कुठली? भागोजीबाबा म्हनला, नदीची. लोकं हसली. गनपत तिथंच हुता, गर्दीत. मान खाली घालून."

वाऱ्यानं पाचट सळसळत होतं. पप्पा त्या खोलगट रानाकडे बघत होते.

"म्हणजे त्यांनी चोर म्हणवून घेतलं," ते हळू म्हणाले, "आणि आम्हालाही सांगितलं नाही."

"सबूद दिला हुता ना. पोटच्या पोरांनाबी न्हाई सांगितलं."

"आणि गणपतनं?"

"त्याला त्ये आयुष्यभर खात हुतं, असं आमचा आजा म्हनायचा. अन् पुढं बघा कसं झालं." काकांनी घराकडे बोट केलं. प्लेगच्या साथीत गाव ओस पडलं, माणसं शेतात खोपटं घालून राहिली. गणपतची बायको दिवस भरलेली, याच रानात खोपटात. अवकाळी पाऊस आला, गारा आल्या, खोपट उडालं. समोर विटांचं घर. भागोजीची बायको साराबाई डोक्यावर घोंगडं घेऊन पळत आली, म्हणाली, चल माझ्यासंगं. जवळच्या बाया ओरडल्या, तिच्या घरात गेलीस तर बाटशील. गणपत म्हणाला, जा.

"मधल्या खोलीत आमचा आजा झाला. तुकाराम. साराबाईनं नाळ कापली आन् वसरीच्या कडंला पुरली. म्हनून तुमच्या वडलांनी घर इकायला काढलं तवा आज्यानं घेतलं. दुसरं चांगलं रान मिळत हुतं, त्ये सोडून. त्यानं आमच्या घरात सांगून ठिवलं हुतं, चोरीच्या इटा हा सबूद ह्या उंबऱ्याच्या आत कुनी काढायचा न्हाई. माती आपली, भाजनारा त्यो."

"मग हे तेव्हाच माझ्या वडिलांना का नाही सांगितलं?"

काका ओशाळले. "आजा सांगनार हुता. पर गनपतनं भाऊबंदांपासनं लपवलेलं, त्याचा आब जायचं भ्या वाटायचं. आज आन् उद्या करता करता तुमी लोकं निघून गेला. मला वाटलं, आता घरच पडतंय, तर मास्तरला तरी कळू द्यावं."

पप्पा रडले नाहीत. ते खाली उतरून त्या खोलगट रानात गेले, एकटेच. ढेकळं तुडवत मध्यापर्यंत गेले, कंबरेवर हात ठेवून चारी बाजूंना बघितलं. शाळेतून घरी येऊन आपल्याच आजोबांवर संशय घेणारा एक मुलगा मी त्या पाठमोऱ्या माणसात पाहिला. परत वर यायला मी हात दिला तेव्हा ते एवढंच म्हणाले, "केवढा माणूस होता गं."

संध्याकाळी हुरडा भाजला. शेजारच्या रानात ज्वारी होती, कणसं दुधावर आलेली. गोवऱ्यांच्या आरावर भाजायची, तळहातावर चोळायची, गरम गरम तोंडात टाकायची. सोबत शेंगदाण्याची चटणी आणि गूळ. हुरडा पार्ट्या आता सगळीकडे पॅकेजमध्ये मिळतात, पण कुणी आपणहून बोलावलं तर कुठलंही पॅकेज सोडून तिकडे जा. अमोल कारखान्यावरून आला होता, हात चिकट, डोळे झोपेनं जड. काकू कणसं चोळत होत्या.

मध्येच म्हणाल्या, "एवढी वरसं मला कुनी इचारलंच न्हाई."

"काय?" काका म्हणाले.

"पाडायचं का ठिवायचं. मी पाडा म्हनायचे, तुमी गप बसायचा. आज मास्तर म्हनलं पाडा, तर तुमी त्यांना हिरीवर नेऊन सगळं सांगितलं. मला कधी सांगितलंत का? आजं-सासरं ह्या घरात जल्मलं एवढंच मला ठावं. त्यांच्या आईला साराबाईनं गारांत पळत जाऊन आनली, ह्ये मला आज कळतंय. तेबी हिरीवरनं आल्यावर अमोलला सांगत हुता म्हनून."

काकांनी आणखी एक कणीस आरात सारलं. अमोल जमिनीकडे बघत हसू दाबत होता.

"मला उजेड पायजे," काकू म्हणाल्या. "वटा पायजे, उभ्यानं सैपाक कराया. घरात मोरी पायजे. पुढच्या दोन खोल्यांशी माझं काय भांडान न्हाई. उन्हाळ्यात तिथंच तर गार झोप लागती. मागचं सैपाकघर पाडा. तिथनं मागं स्लॅब टाका, मोठ्ठं बांधा. सून तिथं राज करंल. पुढचं ऱ्हाऊ द्या."

"सोयऱ्यांना चालंल का?" काका.

"स्लॅब म्हनले, त्यांना स्लॅब मिळतुया. पुढं काय हाय ते माझ्या घराचं हाय."

पप्पा म्हणाले, "रावसाहेब, गणित बरोबर आहे रे."

रविवार

रात्री पुढच्या खोलीत झोपलो. जानेवारीचा गारठा बाहेर राहिला. सकाळी धुकं एवढं, की ओसरीवरून विहीर दिसत नव्हती. चहा झाल्यावर गवंडी आला. त्याला नवा बेत समजावताना काकूच पुढे होत्या. खिडकी इथून इथपर्यंत, असं त्यांनी दोन्ही हात पसरून दाखवलं. गवंडी म्हणाला, एवढी मोठी? त्या म्हणाल्या, व्हय, एवढी.

काम लगेच सुरू होणार नव्हतं, पण मास्तर आहेत तोवर मुहूर्त करू, असं काकांनी ठरवलं. काकूंनी स्वयंपाकघराच्या भिंतीला हळद-कुंकू लावलं, उदबत्ती लावली, नारळ फोडला. मग पप्पांकडे वळल्या. "मास्तर, तुमच्यात जे म्हनत्यात ते तुमीबी म्हना."

पप्पांनी हात जोडले आणि छोटी प्रार्थना केली. या घरात ज्यांनी धूर सोसला त्यांच्यासाठी, ज्यांनी बोल सोसले त्यांच्यासाठी आणि आता जी येणार आहे तिच्यासाठी. काकूंनी "आमेन" म्हटलं. कुठं ऐकलं असेल कोण जाणे, पण अगदी वेळेवर म्हटलं.

अमोल शिडीवर चढला आणि त्यानं पहिलं कौल काढलं. स्वयंपाकघरात उन्हाची एक पट्टी पडली, थेट चुलीवर. मंगलकाकू तिथं जाऊन उभ्या राहिल्या आणि त्यांनी वर बघितलं. त्यांचा चेहरा मी तेव्हा प्रथमच नीट पाहिला.

निघताना त्यांनी गाडीत ज्वारीची पिशवी, गूळ आणि शेवग्याच्या शेंगा भरल्या. नको म्हणायची सोय नव्हती. परतीला नगरच्या अलीकडे वाहतूक तुंबली होती. रविवारी दुपारनंतर निघणार असाल तर एखादा तास जास्त धरा.

घरी आल्यावर

तिकडे जायचं तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी. मुक्काम नगरला करा, तिथं सगळ्यांच्या खिशाला परवडणारी हॉटेलं आहेत. नेवासा, राहुरी, श्रीरामपूर या पट्ट्यात आडरस्त्यांवर अशी जुनी विटांची घरं अजून दिसतात. लांबून बघा. आत जायचं असेल तर आधी विचारा. आणि कुणी आत बोलावलंच, तर ओसरी आणि कमान यांचं कौतुक करण्याआधी स्वयंपाकघरात जाऊन या. हे मी स्वतःलाही सांगतेय.

मला वाटलं होतं की पप्पा आता दिवसरात्र भागोजींचंच बोलतील. तसं झालं नाही. माझ्या भावाला त्यांनी एकदा, फोनवर, सगळी हकिगत सांगितली. चर्चमध्ये त्यांच्या वयाच्या दोन मित्रांना सांगितली. बास. पण त्यांच्या चालण्या-बोलण्यात काहीतरी सैल झालंय. आई गेल्यापासून रविवारी दुपारी ते नुसते पडून असायचे. आता रविवारी दुपारी रावसाहेबकाकांचा फोन येतो, आणि अर्धा-अर्धा तास बोलणं चालतं. पप्पांची भाषाही त्या अर्ध्या तासात बदलते. "न्हाई रे, कशाला घाई करतू" असं ते म्हणतात तेव्हा माझी मुलगी दारात उभी राहून हसते.

गेल्या रविवारी बोलणं फारच रंगलं होतं. पप्पा हातवारे करत होते, मध्येच चिडले, मध्येच हसले. फोन ठेवल्यावर मी विचारलं, "काय म्हणतायत? घराचं कुठवर आलं?"

"घराचं?" पप्पांनी चष्मा काढून पुसला. "ते विचारायचं राहिलंच. आम्ही कांद्याच्या भावाचं बोलत होतो."